हायकोर्टाची मॅटर

माझ्या पोटगीच्या केसच्या रोजनाम्याची, म्हणजे प्रत्येक तारखेला कोर्टात काय झालं त्याच्या नोंदींची, नक्कल मुंबईच्या हायकोर्टातल्या वकिलांनी मागवली. "केस का रखडली ते तुम्ही सांगू नका, रोजनामा सांगेल," असं ते फोनवर म्हणाले. नक्कल विभागात अर्ज टाकला, आठ दिवसांनी शिक्के मारलेली एकोणतीस पानं मिळाली. त्या संध्याकाळी पतसंस्थेतली कॅश जुळवून झाल्यावर मी ती काउंटरवरच उघडून बसले.

सहा वर्षं जवळजवळ प्रत्येक तारखेला मी आमच्या कौटुंबिक न्यायालयात होते. तरी आपल्या केसमध्ये काय झालं ते मी तेव्हा पहिल्यांदा वाचलं. बहुतेक नोंदी एका ओळीच्या. 'अर्जदार हजर. सामनेवाला गैरहजर. पुढील ता.' 'मा. न्यायाधीश रजेवर.' 'सामनेवाला यांचा मुदतीचा अर्ज, मंजूर.' नोटीस घेऊन जाणाऱ्या बेलिफाचा अहवाल तर मला पाठ झाला होता: 'सदर पत्त्यावर इसम मिळून आला नाही, घरास कुलूप.' त्या घरात त्या दिवसांत सासूबाई, दीर आणि दोन म्हशी होत्या.

हिशेबाची सवय, म्हणून कागद घेऊन बेरीज मांडली. एकूण तारखा ५७. त्यांपैकी १४ तारखांना साहेब नव्हते. कधी रजा, कधी प्रशिक्षण, कधी बदली होऊन नवे साहेब यायचे होते आणि चार्ज दुसऱ्या कोर्टाकडे होता. ११ वेळा नवऱ्याने मुदत मागितली. कोरोनाच्या काळात आठ तारखा नुसत्याच पुढे सरकल्या. समुपदेशक आणि तडजोड यात सात गेल्या, नोटीस बजावण्यात सहा. माझ्या बाजूने चार. एकदा लेकीला टायफॉइड होता, तीनदा आमच्या वकीलबाई दुसऱ्या कोर्टात अडकल्या होत्या. काम झालेल्या तारखा सात. सत्तावन्नातल्या सात.

माझी स्वतःची एक वही होती, दोनशे पानी. तारीख, एसटीचं भाडं, झेरॉक्स, चहा, अर्ध्या दिवसाची रजा, शेरा. मार्च २०२३ पासून बायकांना एसटीचं तिकीट निम्मं झालं, तेव्हा भाड्याच्या रकान्यातले आकडे एकदम अर्ध्यावर आले. शेऱ्याचा रकाना तसाच राहिला.

अर्ज मी १७ सप्टेंबर २०१८ ला दाखल केला होता, गणपतीच्या दिवसांत. स्वतःसाठी आणि तीन वर्षांच्या लेकीसाठी पोटगी, फौजदारी प्रक्रिया संहितेचं कलम १२५. (नव्या कायद्यात तेच आता कलम १४४ आहे, पण कोर्टाच्या व्हरांड्यात अजूनही सगळे 'एकशेपंचवीस'च म्हणतात.) पुढच्या वर्षी त्याने घटस्फोटाचा अर्ज केला आणि दोन्ही फायली एकत्र बांधल्या गेल्या. पहिली तारीख वकिलाच्या परवानगीत गेली. कौटुंबिक न्यायालयात वकील देणं हा पक्षकाराचा हक्क नाही, कलम १३ प्रमाणे परवानगी मागावी लागते. कायदा करणाऱ्यांच्या मनात असं होतं म्हणे, की नवरा-बायकोंनी साहेबांसमोर बसून आपलं आपण बोलावं. परवानगी लगेच मिळते. तारीख तेवढी जाते.

अंतरिम, म्हणजे निकाल लागेपर्यंतच्या पोटगीचा अर्ज नोटीस बजावल्यापासून शक्यतो साठ दिवसांत निकाली काढावा, असं त्या कलमातच लिहिलेलं आहे. नोटीस बजावली फेब्रुवारी २०१९ मध्ये. हुकूम झाला ऑगस्ट २०२१ मध्ये. मला २,०००, लेकीला ५,०००. घटस्फोटाच्या अर्जाचंही तसंच. हिंदू विवाह कायद्याचं कलम २१ब म्हणतं, सुनावणी शक्यतो रोजच्या रोज चालवावी आणि नोटीस बजावल्यापासून सहा महिन्यांत निकाल देण्याचा प्रयत्न करावा. वकीलबाईंनी मला हे पुस्तक उघडून दाखवलं तेव्हा मी विचारलं, "मग?" त्या म्हणाल्या, "शक्यतो लिहिलंय ना."

हायकोर्टाचा विषय त्यांनीच काढला, २०२४ च्या दिवाळीनंतर. राज्यघटनेच्या अनुच्छेद २२७ खाली हायकोर्टात रिट याचिका करायची, खालच्या कोर्टाला मुदत घालून द्या एवढीच मागणी करायची. त्यांच्या भाषेत 'एक्सपिडाइट'. सुप्रीम कोर्टाने पोटगीच्या विलंबावर वेळोवेळी कडक लिहिलंय, तेही त्यांनी सांगितलं. २०१४ मध्ये भुवन मोहन सिंह विरुद्ध मीना या निकालात पोटगीचा अर्ज नऊ वर्षं पडून राहिल्याबद्दल कोर्टाने खेद व्यक्त केला होता. २०२० मधला रजनेश विरुद्ध नेहा तर आपल्या नागपूरहूनच वर गेलेला. त्यात उत्पन्न आणि मालमत्तेचं प्रतिज्ञापत्र दोघांनी द्यायचं, अंतरिम अर्ज चार ते सहा महिन्यांत निकाली काढायचा आणि पोटगी अर्जाच्या तारखेपासून द्यायची, असं घालून दिलेलं आहे. अर्जाच्या तारखेपासून, हे मी वहीत अधोरेखित करून ठेवलं.

मुंबईचे वकील मात्र सावध बोलले. २९ फेब्रुवारी २०२४ ला सुप्रीम कोर्टाच्या पाच न्यायमूर्तींनी अलाहाबादच्या एका प्रकरणात सांगितलं होतं की वरच्या कोर्टांनी खालच्या कोर्टांना अशा मुदती सर्रास घालू नयेत, अपवाद म्हणूनच घालाव्यात. कारण खालच्या कोर्टावर कामाचा बोजा किती आणि कोणती केस आधी घ्यायची हे तिथल्याच न्यायाधीशांना ठाऊक असतं. शिवाय ज्याला वर जाणं परवडतं त्याचा नंबर आधी लागतो आणि बाकीचे रांगेत मागे राहतात. "म्हणजे तुमची केस अपवाद आहे, हे दाखवावं लागेल," वकील म्हणाले. मला तेव्हा त्या निकालाचा रागच आला. सहा वर्षं थांबलेल्या माणसाला रांगेचे नियम कसले सांगता?

फी आणि इतर खर्च मिळून ३०,००० चा आकडा निघाला. आईच्या पाटल्या मी आमच्याच पतसंस्थेत सोनेतारणाला ठेवल्या. पावती मीच लिहिली, कर्जदाराच्या जागी सही मीच केली आणि अधिकाऱ्याच्या जागी सही करायला मॅनेजरसाहेबांकडे नेली. त्यांनी वजन बघितलं, माझ्याकडे बघितलं नाही. फार बरं वाटलं. बाईला कोर्टात मोफत वकील मिळतो, उत्पन्न कितीही असो, विधी सेवा प्राधिकरणाच्या १९८७ च्या कायद्यातच तशी तरतूद आहे आणि हायकोर्टातही त्याची समिती असते, हे मला नंतर कळलं. पाटल्या तोवर लॉकरमध्ये गेल्या होत्या.

मुंबईच्या तीन खेपा झाल्या. रात्री महालक्ष्मी एक्सप्रेस, सकाळी सीएसएमटी, बायकांच्या वेटिंग रूममध्ये तोंड धुवून साडी बदलायची, आणि अण्णांना चालत नेत फोर्टात. अण्णा बहात्तरचे. एकटी जाते म्हटलं तरी ऐकले नाहीत. पहिल्या खेपेला त्यांनी ओव्हल मैदानाच्या बाजूने ती काळी दगडी इमारत मान वर करून कितीतरी वेळ पाहिली. आत गेल्यावर आमचा नंबर ६४ होता. भिंतीवरच्या पाटीवर लाल आकडे सरकत होते. चार वाजता पाटी ४१ वर होती. संध्याकाळी वकिलांचा मदतनीस म्हणाला, "नॉट रीच्ड." केस लवकर चालवा म्हणून केलेली केसच पोचली नाही. अण्णांना हसू आलं, मला नाही. दुसऱ्या खेपेला समोरच्या वकिलांनी उत्तर द्यायला वेळ मागून घेतला. रोजनाम्यातलं बारावं पान जणू.

तिसरी खेप जानेवारी २०२५ मधली. घड्याळ लावलं असतं तर चार मिनिटं भरली नसती. अर्ज कोणत्या साली दाखल, अंतरिम हुकूम कधी, पुरावा सुरू झालाय का, एवढंच विचारलं गेलं. समोरचे वकील म्हणाले, आमची हरकत नाही, पण बाईंनीसुद्धा तारखा घेतल्यात. आमच्या वकिलांनी रोजनाम्याचा माझा कागद वर दिला. ५७ आणि ४. मी मागच्या बाकावर होते, तरी तो निळ्या रेघांचा कागद न्यायमूर्तींच्या हातात गेलेला दिसला. आदेश टंकलेखकाला सांगितला गेला: दोन्ही प्रकरणं सहा महिन्यांत निकाली काढावीत, दोन्ही पक्षांनी सहकार्य करावं, विनाकारण तहकुबी देऊ नये. साठ दिवस आणि सहा महिने कायद्यात होतेच. आदेशात त्याहून वेगळं काही नव्हतं. पण हा कागद माझ्या नावाचा होता.

त्या कागदाने काय होतं ते आमच्या कोर्टात परतल्यावर कळलं. वकीलबाईंनी पुरसीस, म्हणजे लेखी निवेदन, देऊन आदेशाची प्रत दाखल केली. क्लार्कने माझी फाईल गठ्ठ्यातून ओढून काढली, वरच्या पुठ्ठ्यावर लाल पेनाने 'मा. उच्च न्यायालय' आणि जुलैची तारीख लिहिली, दोनदा गिरवली. आधी दीड-दोन महिन्यांनी पडणारी तारीख आता दर आठवड्याला. आणि पुकारा पहिला. शिपाई दाराशी येऊन माझं नाव घ्यायच्या आधी म्हणायचा, "हायकोर्टाची मॅटर!" व्हरांड्यातल्या सगळ्या बायका माझ्याकडे बघायच्या.

त्यांच्यात एक मावशी होत्या. वय पन्नाशीच्या पुढे, खाणावळीत चपात्या लाटायच्या, कागद साडीच्या दुकानाच्या पिशवीत. २०१८ मध्ये मी पहिल्यांदा त्या बाकावर बसले तेव्हा 'नवीन हाईस व्हय?' म्हणून सरकून जागा देणाऱ्या त्याच. त्यांचा पोटगीचा हुकूम २०१६ सालीच झाला होता, महिना ३,०००. पैसे मिळाले पहिले पाच महिने. नंतर सगळी वसुलीची लढाई. त्यातही मेख अशी की थकलेल्या रकमेच्या वसुलीचा अर्ज ती देय झाल्यापासून वर्षाच्या आत करावा लागतो. म्हणून मावशी दरवर्षी नवा अर्ज करत. वॉरंट निघायचं, पोलीस ठाण्यात जायचं आणि परत यायचं: इसम मिळून आला नाही. इसम शेजारच्या तालुक्यात ट्रॅक्टर चालवत होता, आणि तो कुठल्या पारावर बसतो ते मावशींना माहीत होतं.

माझी मॅटर पहिली पुकारली की मावशींची खाली जायची. माझी उलटतपासणी फेब्रुवारीत लागोपाठ तीन दिवस चालली. त्या तिन्ही दिवशी मावशी सकाळी साडेदहाला येऊन संध्याकाळी पाचला 'वेळेअभावी पुढील ता.' घेऊन गेल्या. तिसऱ्या दिवशी त्या माझ्यावर चिडल्या असत्या तर बरं झालं असतं. त्यांनी डब्यातली चपाती आणि ठेचा पुढे केला. "खा. बोलून बोलून घसा सुकला आसंल तुझा." तेव्हा मला पाच न्यायमूर्तींचा तो निकाल आठवला. आता त्याचा राग येईना.

मार्चमध्ये व्हरांड्यात एकच विषय होता. क्रिकेटपटू युझवेंद्र चहलच्या घटस्फोटात हायकोर्टाने सहा महिन्यांची थांबायची अट माफ केली आणि वांद्र्याच्या कौटुंबिक न्यायालयाला दुसऱ्या दिवशीपर्यंत निकाल द्यायला सांगितलं, कारण आयपीएल तोंडावर होती. २० मार्चला निकाल झालाही. मोबाइलवर बातमी फिरत होती. "एका दिसात?" मावशींनी मला विचारलं, जणू मी हायकोर्टाची माणूस. मी समजावून सांगितलं की ते दोघं राजी होते, संमतीचा घटस्फोट वेगळा, ती सहा महिन्यांची अट माफ करता येते असा सुप्रीम कोर्टाचा २०१७ चा निकालच आहे. सगळं खरं होतं. मावशी "आसंल, आसंल" म्हणाल्या आणि पिशवीची गाठ सोडून पुन्हा बांधली.

वेगाबद्दल एक गोष्ट मला कुणी आधी सांगितली नव्हती: तो दोन्ही बाजूंना चिरडतो. सहा वर्षं तारखा पडत होत्या तेव्हा मला वाटायचं, माझी तयारी झालेलीच आहे. प्रत्यक्षात नव्हती. त्याचा बाजारपेठेत एक गाळा आहे, भाड्याने दिलेला. गाळा सख्ख्या चुलत्याच्या नावावर आणि भाडं रोखीत. भाडेकरूला साक्षीला बोलवायचं, बँकेचे उतारे मागवायचे तर अर्ज, त्यावर त्याचं म्हणणं, मग युक्तिवाद, मग समन्स. साहेब म्हणाले, हे आधी का नाही केलं, हायकोर्टाची मुदत माझ्या डोक्यावर आहे. अर्ज नामंजूर. त्यांचं चुकलं असं मला म्हणता येत नाही. पण मीच मागून आणलेल्या मुदतीने माझाच साक्षीदार गेला.

उलटतपासात त्याच्या वकिलांनी माझ्या स्कूटीचा फोटो दाखवला. "ही गाडी तुमची?" होय. "कर्ज न काढता घेतली?" कर्ज काढून. "कुठून?" पतसंस्थेतून. "म्हणजे तुम्हाला कर्ज मिळतं?" मी म्हटलं, होय, फेडायलाही लागतं. साहेबांनी मान खाली घालून दुसरं वाक्य लिहून घेतलं नाही, असं मला वाटलं. नंतर जबाबाची प्रत वाचली तर त्यात ते होतं.

मे महिन्याची सुट्टी, मग बदल्या. ज्यांनी सगळा पुरावा ऐकला ते साहेब गेले. नवे आले त्यांना फाईल वाचायलाच वेळ हवा होता आणि जुलै उंबऱ्यावर. मला वाटलं आता पुन्हा मुंबई. तसं नसतं. मुदत पुरत नसेल तर खालचे न्यायाधीश स्वतःच हायकोर्टाला पत्र लिहून वाढवून मागतात. ऑक्टोबरअखेरपर्यंत मुदत वाढून मिळाली. सप्टेंबरमध्ये युक्तिवाद झाला, मध्ये दिवाळी आली, आणि मुदत संपून सतरा दिवस झाल्यावर, १७ नोव्हेंबर २०२५ ला निकाल लागला. मुदत उलटली म्हणून कुणी काही म्हटलं नाही. मी तर नाहीच.

मला ६,०००, लेकीला ९,०००, अर्जाच्या तारखेपासून. घटस्फोटही त्याच दिवशी झाला. त्याबद्दल मला सांगण्यासारखं काही नाही. व्हरांड्यातच मी हिशेब मांडला: ८६ महिने, दरमहा वाढीव ८,०००, म्हणजे अंतरिमची रक्कम वजा जाता ६,८८,०००. शिवाय अंतरिमचीही थकबाकी वेगळी. लेक तेव्हा शाळेत होती. अर्ज केला तेव्हा अंगणवाडीत जायची, आता पाचवीत. संध्याकाळी तिला आकडा सांगितला तर म्हणाली, "एवढे देतील?" वकीलबाईंनी फोनवर तोच प्रश्न वेगळ्या शब्दांत विचारला: वसुलीचा अर्ज कधी करायचा?

त्याआधीच त्याने निकाल तपासून बघावा म्हणून हायकोर्टात पुनरीक्षण अर्ज केल्याची नोटीस आली. या वेळी मुंबईची नाही. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला हायकोर्टाचं सर्किट बेंच, म्हणजे फिरतं खंडपीठ, सुरू झालंय. कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्ग या सहा जिल्ह्यांचं काम तिथे चालतं. रात्रीची गाडी नाही, वेटिंग रूम नाही. अण्णांना घरीच ठेवलं.

मावशींना मात्र घेऊन गेले. विधी सेवेचा फॉर्म मीच भरला होता, सही मावशींनी केली, सावकाश, शिरोरेघ शेवटी ओढून. वसुली लवकर व्हावी म्हणून रिट करता येईल का, ते तिथले वकील कागद बघून सांगणार होते. कागद बघायचे म्हणजे रोजनामा. मावशींच्या रोजनाम्याची नक्कल माझ्या दुप्पट जाड निघाली. ती साडीच्या पिशवीत मावेना म्हणून त्यांनी ओढणीत बांधून मांडीवर घेतली होती.

एसटीत दोन हाफ तिकिटं काढली. गाडी सुटल्यावर मावशी म्हणाल्या, "वाच की जरा. काय काय लिवलंय आमच्याबद्दल?"

मी गाठ सोडली. 'अर्जदार हजर. सामनेवाला गैरहजर. पुढील तारीख.'

"हे ठावं हाय. फुडलं वाच."

मी पान उलटलं.